खांबापाशी ठेवलेल्या चपला

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. काकींना नाही, गावाकडं आईला नाही. देवापुढं बसते तेव्हासुद्धा मी दुसरंच काहीतरी पुटपुटत राहते. सहावीत शाळा सुटली माझी, लिहायचा सराव नाही. तरी लिहूनच सांगते. बोलायला गेले की मला माझ्याच आवाजाची भीती वाटते — का, ते येईल पुढं.

आधी उपकारांचं सांगू द्या. ते आधी आलं पाहिजे. नाहीतर मी काय केलं ते तुम्हाला अर्धंच कळेल.

मी हिंगोलीकडची. मालकांना — आमच्याकडं नवऱ्याला मालक म्हणतात — घशात गाठ निघाली, म्हणून त्यांना परळच्या मोठ्या इस्पितळात आणलं. वॉर्डात जागा नसेल तेव्हा आम्ही बाहेर फुटपाथवर, प्लास्टिकखाली, आमच्यासारख्याच कितीतरी जणांत. तिथं दुपारी एक बाई खिचडी वाटायला यायच्या. कपाळ मोकळं, पदर कमरेला खोचलेला, तोंड सारखं चालू. मी आपली वाटी मालकांपुढं सरकवायचे, ते त्यांनी पाहिलं. म्हणाल्या, "तू कधी खातंस गो? का घोवाच्या ताटाकडे बघूनच पोट भरता तुझा?" आणि समोर उभं राहून मला खायला लावलं.

त्या सुलोचना वैनी. अख्खी चाळ त्यांना वैनीच म्हणायची, मग मीपण.

मालक वाचले नाहीत. शेवटच्या दिवसांत त्यांची वाचा अशी घोगरी, फाटकी झाली होती, की कान तोंडाशी न्यावा लागायचा. एकच विचारायचे — माझी चप्पल कुठंय, मला जायचंय. चप्पल खाटेखालीच होती. दाखवली तरी परत विचारायचे.

ते गेल्यावर मी कुठं जाणार? जमीन दीर कसत होता, त्याचा निरोपही आला नाही. आई स्वतःच भावाच्या घरात कोपरा धरून होती. वैनींनी हाताला धरून मला करी रोडला नेलं, त्यांच्या धाकट्या जावेकडं, म्हणजे काकींकडं. दारातूनच म्हणाल्या, "कामाची आसा ही. रडणारी नाय." मी तर जिना चढेपर्यंत रडतच होते. काकींनी मला पाणी दिलं, चहा दिला, आणि खोलीतला डावीकडचा कोपरा दाखवला. इथं अंथरूण टाक, म्हणाल्या. त्या कोपऱ्यात मी पहिल्यांदा पाय सरळ करून झोपले. मुंबईत पाय सरळ करून झोपायला मिळणं म्हणजे काय, ते तुम्ही मुंबईचे असाल तर तुम्हाला सांगायला नको.

आता खोलीचं. दोन भाऊ, दोघं गिरणीत. चाळ भाडेकरूंनीच पुढं मालकीची करून घेतली, तेव्हा या दोघांनी मिळून ही एक लांबुळकी खोली घेतली. पुढं गॅलरी, मागं मोरी, मधोमध लाकडी खांब. दोघांनाही मूल नाही. मग भावांचं बिनसलं. थोरले वैनींना घेऊन शिवडीला भाड्यानं राहायला गेले आणि तिथून त्यांनी वाटणीचा दावा लावला. भाऊ कोर्टात भांडायचे, जावा मात्र पापड एकत्र लाटायच्या. दावा चालू असतानाच दोघं भाऊ गेले. आधी काकींचे मिस्टर, मग थोरले.

मी आले तेव्हा थोरले नव्हतेच. मी त्यांना कधी पाहिलं नाही. त्यांचा आवाज कधी ऐकला नाही. एवढं ध्यानात ठेवा.

निकाल लागला वैनींच्या बाजूनं. थोरल्यांच्या मागं अर्धी खोली त्यांची. त्या लगेच काही भांडायला आल्या नाहीत. शिवडीच्या खोलीचा मालक त्यांना काढायला बघत होता, त्याला तिथं गोदाम करायचं होतं. वैनी काकींकडं आल्या आणि म्हणाल्या, भिंतबिंत नको, मी आपली अशीच येते, कोपऱ्यात पडून राहीन. काकी तांदूळ निवडत होत्या. मान वर केली नाही. माझा माणूस कोर्टाच्या पायऱ्या चढून चढून गेला, म्हणाल्या, आता दोन चुली एका छपराखाली नाही पेटायच्या. वैनी आल्या पावली परतल्या. मग त्यांनी दरखास्त लावली — म्हणजे निकाल नुसता कागदावर नको, प्रत्यक्षात वाटून द्या.

कोर्टाचा कमिशनर येऊन मापं घेऊन गेला. गॅलरीपासून मोरीपर्यंत त्यानं खडूची रेघ मारली. रेघेवर प्लायवूडची भिंत येणार, खिडकी फोडून वैनींना वेगळं दार. रेघ बरोबर खांबातून गेली. शेजारचे पेडणेकर दारात उभे राहून म्हणाले, "काकी, खांब कुणाच्या वाट्याक? का एकेक दिवस धरून उभे ऱ्हवताल्यात?" सगळे हसले. मीपण हसले. आणि हसता हसता माझ्या लक्षात आलं — माझा कोपरा रेघेच्या पलीकडं गेलाय. अलीकडं उरलेल्या पट्टीत काकींचंच अंथरूण जेमतेम मावणार होतं.

काकींच्या वकिलानं हरकती घेतल्या. भिंतीचा भार खांबाला सोसणार नाही, म्हणून सांगितलं. कोर्टानं विचारलं, प्लायवूडला कसला भार? मग वकील म्हणाला, अशी वाटलेली खोली राहण्याजोगी उरत नाही. तेही चाललं नाही. शेवटी त्यानं माझ्याकडं बघितलं. ही बाई स्वतंत्र भाडेकरू म्हणून उभी राहिली तर? हिचा ताबा वेगळा, मग आधी हिची हरकत ऐकावी लागेल, तोवर बेलिफला काही करता येणार नाही. मी हो म्हणायच्या आत काकी उठल्या. कोर्टात खोटं नको, म्हणाल्या. शपथेवर खोटं नको. वकिलाला चहा न देता वाटेला लावलं.

मला बरं वाटलं तेव्हा. कोर्टात शपथ घ्यावी लागते ना. अंगात यायला शपथ लागत नाही.

— बघा. बोलून गेले शेवटी. मी अजून दोन कागद इकडचं तिकडचं लिहिणार होते.

हो. अंगात आणलं मी. आलं नाही, आणलं.

हे काकींवर ढकलता येईल मला. त्यांनी एकदा मासे साफ करता करता त्यांच्या माहेरची गोष्ट सांगितली होती. कुण्या भावांनी मूळपुरुषाला, म्हणजे घराण्याच्या मेलेल्या म्हाताऱ्याला, न विचारता घरात भिंत घातली, आणि ती काही उभी राहिना. दिवसा बांधावी, सकाळी पडलेली. शेवटी घरातल्या सुनेच्या तोंडून म्हातारा बोलला, आणि कोर्टकचेरी सोडून सगळ्यांनी ऐकलं. पण काकींनी ती गोष्ट मला शिकवायला नव्हती सांगितली. मासे साफ करताना माणूस काहीतरी बोलतंच. ती उचलून ठेवली मी.

आणि दुसरं जे उचललं, ते वैनींकडून. मालकांना ऑपरेशनला आत नेलं, त्या दिवशी मी इस्पितळाच्या पायरीवर बसले होते, हातपाय गार पडले होते. वैनी शेजारी बसून बोलत राहिल्या, माझं लक्ष दुसरीकडं जावं म्हणून. त्यांच्या माणसाचं सांगत होत्या. गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर, काम करून कान गेलेले. करी रोडच्या घरात आले की हाकेऐवजी खांबावर बोटाच्या पेरानं दोनदा वाजवायचे. टक, टक. मग म्हणायचे, "सुले, भात निवलो मा गो?" भात गार झाला ना, असं. उशीर स्वतः करायचे आणि रोज हेच विचारायचे. आणि या रोज म्हणायच्या, "निवलो तर निवलो. बसा तुमी." मला ते सांगताना त्या हसत होत्या. दुसऱ्या कुणाला सांगितलं नव्हतं म्हणाल्या, एवढुसं काय सांगायचं.

मला सांगितलं. माझे हात गार पडले होते म्हणून.

बेलिफ आला तेव्हा भर दुपार होती. कोकणातली माणसं त्या वेळेला जपतात. काकी मला त्या वेळी केस मोकळे सोडू द्यायच्या नाहीत. बेलिफ बिचारा घामानं निथळत होता, आल्या आल्या पाणी मागितलं. बरोबर दोन सुतार, प्लायवूड जिन्यात टेकवलेलं. मागून वैनी, हातात नारळ. आपल्या भागात फोडायला आणला असेल. उंबऱ्याबाहेरच थांबल्या. काकी मोरीकडं तोंड करून, पाठ देऊन बसलेल्या. कुणी कुणाला या म्हणालं नाही.

मी माझं अंथरूण गुंडाळून छातीशी धरून उभी होते. मला राग आला होता का? नाही. वैनींचा राग कसा येईल मला? डोक्यात एकच — आज पाठ कुठं टेकायची. दिराचं दार बंद, फुटपाथ मला पाठ होता. भीती माणसाकडून काय काय करून घेते, असं म्हणतात लोक. मी तसं म्हणणार नाही. भीती फुटपाथवरही होती, तिथं मी कुणाचं काही घेतलं नव्हतं.

सुतारानं ड्रिल खांबाला लावलं. मी अंथरूण खाली टाकलं. पुढं झाले, केस सोडले. आणि बोटाच्या पेरानं खांबावर वाजवलं. टक, टक.

वैनींच्या हातातला नारळ सुटला. घरंगळत माझ्या पायाशी आला.

मी खाली मान घातली आणि घशातून आवाज काढला. घोगरा, फाटका. "सुले. भात निवलो मा गो?"

ड्रिल बंद पडलं — बंद केलं असणार, पण मला ते बंद पडल्यासारखं वाटलं. आणि उंबऱ्यातून, अगदी रोजच्या आवाजात, जराशा वैतागलेल्या, वैनी म्हणाल्या —

"निवलो तर निवलो. बसा तुमी."

तिथं थांबायला हवं होतं मी. ती बाई कुणाशी बोलत होती? माझ्याशी तर नव्हती. मी कुठं गेले होते मग? पण मी थांबले नाही. ठरवलेलं बोलले. माझ्या घराची दोन घरं करू नको, म्हणाले. ज्या माणसानं जिवंतपणी वाटणी मागितली, त्याच्याच तोंडी मी 'वाटणी नको' घातलं.

आणि मग एक वाक्य आलं, जे मी ठरवलं नव्हतं. "माझी चप्पल खय? माका जावचा आसा."

हे मालकांचं होतं. माझ्या मालकांचं — पण मालवणीत. वैनींनी दोन्ही हात तोंडावर घेतले. "तुमका अनवाणीच नेला वो," म्हणाल्या, "घाईत माका सुचाकच नाय." त्यांच्या माणसाला अनवाणी नेलं होतं, हे मला ठाऊक नव्हतं. खरंच नव्हतं.

मग मी खाली पडले. पडायचं ठरलेलं होतं. लागलं मात्र खरंच.

दोघांतला वयस्कर सुतार पाय काढत म्हणाला, "साहेब, आपण नाय हात लावणार. दुसरा माणूस बघा." बेलिफ त्याच्यावर खेकसला, कोर्टाचा हुकूम आहे, भुताखेताचा नाही. पण वैनींनीच हात जोडले. राहू दे, म्हणाल्या. बेलिफनं तसं लिहून घेतलं, त्यांची सही घेतली. पुढं कोर्टात जाऊन त्यांनी दरखास्तही मागं घेतली, अर्ध्या वाट्यावरचा हक्कही काकींच्या नावे सोडून दिला. त्यांचा वकील फार बोलला म्हणे त्यांना.

मला वाटलं, संपलं.

पुढच्या अमावास्येला दुपारी वैनी आल्या. झाकलेलं ताट होतं — भात, काळ्या वाटाण्याची आमटी, वडे. आणि कागदात बांधलेली नवी चपलांची जोडी. पुरुषी, काळी. ती त्यांनी खांबापाशी ठेवली, टाचा खांबाकडं, पायात घालून निघता येईल अशी. मग माझ्याकडं वळल्या. पदर डोक्यावर घेतला. माझ्याकडं न बघता, जमिनीकडं बघत म्हणाल्या, "जेवा तुमी."

तुमी. जी बाई मला गो, बायो, येडे म्हणायची, ती. मी काकींकडं पाहिलं. काकींनीही पदर डोक्यावर घेतला होता. थोरले दीर ना ते त्यांचे.

मी जेवले. काय करणार होते? भात गार होता. मुद्दाम गार करून आणलेला.

मग दर अमावास्येला. मला ताप असो, काही असो. त्या समोर बसायच्या, मी चावते कसं ते बघायच्या नाहीत, फक्त ताट रिकामं झालं की उचलायच्या. चपलांवरची धूळ पदरानं पुसायच्या. कधी कधी मधेच थांबून माझ्या बोटांकडं बघायच्या — खांबावर वाजवतील का, म्हणून. आधी फुटपाथवर उभं राहून त्यांनी मला खायला लावलं होतं. हेही खायला लावणंच होतं. पण ताट माझं नव्हतं आता. मी ज्या मेलेल्याला जिवंत करून त्या खोलीत आणलं, त्याचं होतं. आणि हळूहळू — हे कसं सांगावं — मला त्या दिवशी दुपार झाली की भूक लागायची. गार भाताची. गावाकडं मी गार भात ताटात घेत नव्हते.

काकींनी एकदाच विचारलं. मी त्यांचे पाय चेपत होते. "ता खरा होता काय गो?" मी म्हणाले, मला काहीच आठवत नाही. अंगात येऊन गेलेल्या बायका असंच म्हणतात. काकींनी पाय आखडून घेतले. मग म्हणाल्या, अंथरूण जरा खांबापासून लांब टाक. त्या दिवसापासून जाईपर्यंत काकी त्या खोलीत कधी मोठ्यानं हसल्या नाहीत. दीर घरात असताना कसं हसायचं? त्यांचं घर वाचवलं असं मी स्वतःला सांगायचे, आणि त्यांच्याच घरात त्यांना पाहुणी करून ठेवलं.

काकी गेल्या. खोली माझ्या नावावर करून गेल्या. हिनं माझं केलं, आणखी कोण आहे मला, असं वकिलाला म्हणाल्या होत्या. वैनींचं नावसुद्धा निघालं नाही. वैनी दिवसांना आल्या, खांबाला हात लावला, आणि गेल्या.

तोवर शिवडीची खोली सुटली होती त्यांची. कॉटन ग्रीनला एका गोदामाच्या मागं पत्र्याच्या खोलीत राहत होत्या. अमावास्या चुकली एक, मग मी गेले. तेच मी इतका वेळ लिहायचं टाळतेय — अंगात आणलं ते नव्हे. हे.

खाटेवर होत्या. ओल पार गादीपर्यंत चढलेली. मला पाहून उठायला गेल्या, जमलं नाही, तरी हातानं पदर शोधला आणि डोक्यावर ओढला. भात करायला झालं नाही, म्हणाल्या, रागावू नका. मी त्यांच्या उशाशी बसले. हात हातात घेतला. गार होता.

मग त्यांनी विचारलं. मला नव्हे, त्यांच्या माणसाला. "भिंत घालूक नाय मी. तुमी सांगलात तसाच केलंय. आता येव काय घराक?"

घरी येऊ का, म्हणून विचारत होत्या. खोली माझ्या नावावर होती. आत मी एकटी. भिंत नाही, दुसरी चूल नाही, कुणाची हरकत नाही. एक शब्द होता फक्त — ये. त्या आवाजात नाही, तर माझ्या आवाजात म्हणता आला असता. वैनी, चला. नाहीतर खरं सांगता आलं असतं. वैनी, ते नव्हते हो, मी होते, गया, जिला तुम्ही खिचडी दिली.

पण मला काय दिसलं सांगू? त्या खांबापाशी बसल्यात, रोज, अमावास्येलाच नाही. रोज ताट. रोज पदर डोक्यावर. रोज माझ्या बोटांकडं बघणं. आणि माझा कोपरा.

मी काही बोलले नाही.

त्या वाट बघत राहिल्या. माझ्या तोंडाकडं नाही, घशाकडं. बाहेर ट्रक मागं घेत होता, त्याचं टूंटूं चालू होतं, ते थांबलं. मग त्यांनी हात सोडवून घेतला, पदर नीट केला.

"नको तर नको," म्हणाल्या. रागानं नाही. नवऱ्यानं नको म्हटल्यावर त्या पिढीतल्या बायका म्हणायच्या तसं.

तिथंच गेल्या त्या, त्या पत्र्याच्या खोलीत. मी अंघोळ घातली. गोदामावरच्या लोकांनी खांदा दिला.

मधे कुणीतरी दुसऱ्याच बाईविषयी बोलताना मला म्हणालं होतं, अगं, ज्यांच्या अंगात खोटं येतं त्यांच्यातूनही कधी कधी खरं बोललं जातं. चपलेचं ते वाक्य कुठून आलं, ते मला आजही माहीत नाही. त्याच्या आडून मला निसटता येईल. पण कॉटन ग्रीनला मी गप्प बसले, तेव्हा अंगात कुणी नव्हतं. कोण होतं ते मला चांगलं माहीत आहे.

मी करी रोडलाच राहते. अख्ख्या खोलीत. अंथरूण डावीकडच्याच कोपऱ्यात टाकते. खडूची रेघ केव्हाच पुसली गेली, पण झाडताना माझा झाडू खांबापाशी आपोआप थांबतो. चपला तिथंच आहेत, टाचा खांबाकडं. धूळ मीच पुसते. भात गार होऊ देते, मग जेवते.